सांधेवाला रखमाजी

रखमाजीला नुसतं पाणी आण म्हटलं तरी तो जागचा हलायचा नाही. आधी म्हणायचा, "पानी आनू?" आपण हो म्हटलं की पुन्हा, "प्यायचं पानी?" त्यालाही हो म्हटलं की दाराशी जाऊन, मागं वळून, तिसऱ्यांदा, "पानी आनतो हां, शेठ." आणि आपल्या तोंडाकडं बघत तिथंच थांबायचा. आपण मान डोलावली की मगच माठाकडं जायचा. तोवर बहुतेक वेळा आपणच उठून पिऊन आलेलो असायचो.

जुन्नरच्या पेठेत आमचं धान्याचं आणि गुळाचं दुकान होतं. आमचे पणजोबा मारवाडातून आले ते इथंच राहिले, आणि माझ्या पिढीपर्यंत मारवाडी बोली फक्त देवळात आणि भांडणात उरली होती. रखमाजी आमच्याकडं मापाडी म्हणून आला तेव्हा मी पंचविशीचा होतो. लग्न झालं होतं, एक मुलगी होती, आणि दुकानात वडलांच्या खालोखाल आपलाच शब्द चालतो असा माझा समज होता. या नव्या मापाड्याला ठेवताना मात्र मला कुणी विचारलं नाही.

विचारलं असतं तर मी नको म्हटलं असतं. रखमाजी बोरी बुद्रुकचा. पेठेत त्याला सगळे 'गाडी मारणारा रखमा' म्हणत. मुंबईच्या वाटेवरच्या घाटात तो रेल्वेचा सांधेवाला होता. गाडीनं कुठल्या रुळावर जायचं ते दांडा ओढून ठरवणं हे त्याचं काम. वरिष्ठांचा हुकूम नसताना त्यानं सांधा फिरवला, घाट उतरणारी मालगाडी सुटली ती खालच्या ठेसनात उभ्या असलेल्या खडीच्या गाडीवर जाऊन आदळली, आणि पाच मजूर गेले. त्यानं स्वतःच चौकशीत तसं कबूल केलं होतं. सहा महिने तुरुंगात काढून तो गावी आला. मेलेल्यांतला एक, भिवा, बोरीचाच होता. रखमाजीच्या शेजारच्या कोंडाबाईचा एकुलता एक. त्याला घाटात कामाला नेलं होतं तेही रखमाजीनंच, "माझ्या नजरंखाली ऱ्हाईल, वैनी," असं सांगून.

"असला माणूस कशाला आपल्याकडं?" मी वडलांना म्हणालो.

वडील म्हणाले, "जो तीनदा विचारतो त्याच्याकडून काम एकदाच करून घ्यावं लागतं. तुझ्याकडून तीनदा करून घ्यावं लागतं."

अंगानं तो उंच, पण उजव्या बाजूला थोडा झुकलेला. वर्षानुवर्षं सांध्याचा जड दांडा ओढून त्याचा उजवा खांदा डाव्याहून चांगला दोन बोटं खाली आला होता. धान्य मोजताना पहिल्या मापाला 'एक' न म्हणता 'लाभ' म्हणायची आमच्या धंद्यातली रीत त्याला लगेच जमली, कारण ठरलेला शब्द ठरल्या जागी म्हणायचा यात त्याला सुख वाटे. एक खोड मात्र कधी सुटली नाही. पेठेतून कुणाचीही बैलगाडी गेली की हातातलं टाकून तो उठायचा, उंबऱ्याबाहेर ताठ उभा राहायचा आणि शेवटचं चाक दिसेनासं होईपर्यंत बघत राहायचा. समोरचा पानवाला ओरडायचा, "रखमाजी, मेल आली, मेल!" रखमाजी त्याच्यावर कधी चिडला नाही. "मेल न्हाई राव, माल हाय," एवढंच म्हणायचा.

एकदा मला त्याची चेष्टा करायची लहर आली. मी म्हटलं, "रखमाजी, हे जोंधळ्याचं पोतं घे आणि पलीकडच्या सोनाराच्या बैठकीवर ओतून ये."

"सोनाराच्या बैठकीव?"

"हो."

"वतू?"

"ओत."

पोतं पाठीवर घेऊन तो दारात वळला. "सोनाराच्या बैठकीव जोंधळा वततो हां, धाकलं शेठ." मी हसू दाबत मान डोलावली. तो गेला आणि त्यानं खरोखर ओतला. सोनार बोंबलत बाहेर आला, गिऱ्हाईक पळालं. वडलांनी सगळं ऐकून घेतलं आणि रखमाजीला एक शब्द न बोलता मला सोनाराच्या दुकानात जोंधळा वेचायला बसवलं. रखमाजीही शेजारी येऊन वेचायला लागला. वेचता वेचता म्हणाला, "तीनदा इचारल्याव मानसाचं डोकं ठिकान्याव येतं, शेठ. न्हाईच आलं तर मंग चूक माझी न्हाई."

तेव्हा मला ते गमतीचं वाटलं. घरी जाऊन बायकोलाही हसत सांगितलं.

पुढं दोनेक वर्षांनी, एका रविवारी, बाजार ऐन भरात असताना, उताराच्या गल्लीत येडगावच्या एका शेतकऱ्याचे बैल बुजले. गुळानं भरलेली गाडी घेऊन ते सुटले. खाली रस्त्याच्या दोन्ही अंगांना भाजीवाल्या बाया बसलेल्या. लोक नुसते ओरडत होते. रखमाजी आमच्या उंबऱ्यावरून जो धावला तो थेट डाव्या बैलाच्या वेसणीला लोंबकळला. बैलांना थांबवायचा त्यानं प्रयत्नच केला नाही. त्यांना वळवून शेजारी बांधकामासाठी टाकलेल्या वाळूच्या ढिगात घुसवलं. चाकं वाळूत रुतली, गाडी करकरली आणि थांबली. गुळाच्या दोन ढेपा फुटल्या, बाकी कुणाला खरचटलंसुद्धा नाही.

लोकांनी त्याला उचलून धरलं. ज्यांनी आजवर 'गाडी मारणारा' म्हटलं त्यांनीही. तो मात्र दुकानात येऊन पोत्यांच्या मागं बसला. त्या दिवशी त्यानं एक मापसुद्धा मोजलं नाही. दुपारी वडील जेवायला गेल्यावर मी त्याच्याजवळ जाऊन बसलो, तेव्हा त्यानं मला घाटातलं सांगितलं.

"आमच्याकडंबी असाच वाळूचा ढीग व्हता," तो म्हणाला. "घाटात मेन रुळाला लागून एक आडरूळ. त्यो वर डोंगरात चढत जायाचा आन पुढं नुसती वाळू. सांधा कायम त्या आडरुळाकडं ठिवायचा. गाडी उतरत आली, थांबली, शिट्टी मारली, म्हंजी डायवरच्या ताब्यात हाय. मंगच सांधा मेनला फिरवायचा. न थांबता आली तर ब्रेक गेला समजायचं. मंग जाऊ द्यायची वाळूत. कुनी मरत न्हाई."

"मग तू कसा फिरवलास?"

"बाबूनं सांगितलं."

तिथला बाबू म्हणजे नारायणराव. घोडेगावकडचा, चार बुकं इंग्रजी शिकलेला. आणि रखमाजीच्या थोरल्या बहिणीचा नवरा. रखमाजीला नोकरी लावली ती त्यानंच. त्या दिवशी मागून मेल यायची होती आणि मालगाडीला उशीर झाला होता. मेल अडली तर बाबूवर ठपका येणार. त्यानं हुकूम केला, सांधा आधीच मेनला लाव, गाडी ताब्यात आहे.

"म्या इचारलं, मेनला? ते म्हनले, मेनला. म्या परत इचारलं, गाडी थांबायच्या आधी? ते म्हनले, सांगतो तेवढं कर. दुसरा कुनी बाबू असता, शेठ, तर म्या दांड्याला हात लावला नसता. लाव म्हनलं असतं शिक्षा. पर दाजी. भनीचा मालक. घरी आलं की त्यांचं पाय धुतो आमी, त्यांच्याआधी घास घेत न्हाई. तिसऱ्यांदा दाजीला कसं इचारायचं? त्यो त्यांचा अपमान झाला."

"गाडी येताना दिसली नाही तुला?"

"धुकं व्हतं. हात दिसत न्हवता हाताला."

त्यानं दांडा ओढला. पुढचं सगळ्यांना ठाऊक होतं. ठाऊक नव्हतं ते एवढंच, की चौकशीच्या आदल्या दिवशी दाजी बहिणीला घेऊन त्याच्या खोलीवर आला होता. बहिणीनं पदर पसरला. दाजीनं खंडोबाचा बेल-भंडारा उचलून शपथ घेतली, तू तुझ्या अंगावर घे, माझी नोकरी राहिली तर मी साहेबाचं मन वळवून तुला परत घेतो, आणि हे थंड झालं की स्वतः बोरीला येऊन कोंडाबाईच्या दारात खरं काय ते सांगतो. रखमाजीनं अंगावर घेतलं. दाजी कधी आला नाही.

"मला नोकरी नगं," रखमाजी म्हणाला. "कोंडावैनीला तेवढं कळाय पायजे. दर सालाला भिवाच्या दिसाला मी तिच्या दारात जाऊन हुबा ऱ्हातो. ती आंगनात पाय ठिवू देत न्हाई."

"मग तूच का नाही सांगत तिला?"

"आक्का हाय न्हवं अजून. तिच्या कुकवाचा शबूद दिलाय."

ऐकून माझ्या अंगाचा तिळपापड झाला. बेल-भंडारा उचलून फिरवलेला शब्द! त्या दिवसापासून माझ्या लेखी रखमाजी म्हणजे देवमाणूस. मी त्याला हाक मारतानाही जरा अदबीनं मारायला लागलो. पानवाल्याशी तर त्याच्यावरून माझं भांडणही झालं.

पुढच्या वर्षी तापाच्या साथीत आक्का गेली. दहावा करून रखमाजी घोडेगावाहून परत आला आणि टोपी हातात घेऊन माझ्यासमोर उभा राहिला. "शेठ, दाजीला एक कागद लिवा. आता तुमच्यावर बंधन न्हाई, बोरीला या, एवढंच." मी लिहिलं. उत्तर आलं नाही. आणखी दोन पत्रं लिहिली, दुसऱ्यात मी माझ्या पदरचे दोन-चार कडक शब्दही घातले. तरी उत्तर नाही.

उत्तर आलं ते चालत आलं. नारायणराव तोवर चढत चढत मालबाबू झाला होता, आणि तोही नेमका त्या ठेसनात, जिथून आमचा गूळ मुंबईला चढायचा. हंगामात कुणाच्या मालाला वाघिणी, म्हणजे मालगाडीचे डबे, आधी द्यायच्या ते त्याच्या मनावर होतं. एक दिवस जरीचा रुमाल बांधून तो आमच्या दुकानाच्या पायऱ्या चढला. घरात लग्न होतं म्हणून खरेदीला जुन्नरला आला होता. वडलांनी लोड दिला, केशराचं दूध मागवलं.

रखमाजी पोतं खाली ठेवून पुढं आला. आधी वाकून दाजीच्या पायाला हात लावला. मग उभा राहून म्हणाला, "दाजी, सांध्याचा हुकूम तुमचा व्हता न्हवं?"

दुकानात सात-आठ गिऱ्हाइकं होती. नारायणराव दूध पीत राहिला.

"दाजी, हुकूम तुमचा व्हता."

नारायणरावानं पेला खाली ठेवला, ओठ पुसले.

"तिसऱ्यांदा इचारतो, दाजी. भंडारा उचलला व्हता तुमी."

नारायणराव वडलांकडं बघून हसला. "तुरुंगात राहिलं की माणसाचं असं होतं, शेठजी. मीच रदबदली केली म्हणून सहा महिन्यांवर सुटला हा. बहिणीच्या नात्यानं मी आजवर काही बोललो नाही. अजून घेतोस का रे रखमा?"

रखमाजी कधी दारूला शिवला नव्हता. तो माझ्याकडं वळला. "धाकलं शेठ, तुमी कागद लिवलंय. तुमाला सगळं ठावं हाय."

वडलांनी माझ्याकडं पाहिलं. आमच्या वखारीत गूळ छतापर्यंत लागला होता. मी म्हणालो, "मी काय, जो जे सांगेल ते लिहून देतो."

हे वाक्य मी आजवर कुणाला सांगितलेलं नाही. दाजीनं घात केला तो शपथ घेऊन, मी केला तो नुसता बसल्या बसल्या. रखमाजीनं मान डोलावली, एखादा हुकूम नीट ऐकू आल्यासारखी, आणि मापाकडं परत गेला. "लाभ," त्याचा आवाज आला. नारायणरावानं दूध संपवलं. आमच्या गुळाला त्या हंगामात वाघिणी वेळेवर मिळाल्या.

चार दिवस मला अन्न गोड लागलं नाही. पाचव्या दिवशी मी रखमाजीला म्हणालो, "बोरीला जाऊ. तुझ्या दाजीनं नाही सांगितलं तर मी सांगतो कोंडाबाईला. शब्द आता कुणाला उरलेला नाही." त्यानं विचारलं, "सांगाल?" मी हो म्हणालो. त्या वेळी त्यानं एकदाच विचारलं.

बोरीला आम्ही दोघं मिळून गेलो ते पहिलंच आणि शेवटचंच. त्यानंतर तो दुकानात आला नाही, आणि मीही बोलावणं धाडलं नाही. मी त्याच्यावर रागावलो होतो. का, तेच सांगतो.

कोंडाबाई ओट्यावर सुपात तूर पाखडत होती. वाळलेली, लहानखुरी बाई. रखमाजी नेहमीप्रमाणं अंगणाच्या बाहेर कुडाशी थांबला. मी आत गेलो, माझं नाव-गाव सांगितलं, आणि वाटेत मनाशी घोकलेलं सगळं एका दमात बोलून टाकलं. हुकूम बाबूचा होता, रखमाजीनं बहिणीसाठी अंगावर घेतला, बाबूनं शपथ मोडली, बिचारा निरपराध माणूस इतकी वर्षं तुमच्या दारात उभा राहतो. आपण केलेलं पाप फिटतंय असं वाटत होतं.

कोंडाबाईनं सूप थांबवलं नाही. "म्हायती हाय मला."

"काय माहीत आहे?"

"पयल्याच वरसाला त्याची भन आली व्हती घोडेगावास्नं. अनवानी. त्यो आत व्हता तवा. माझ्या पायाव डोकं ठिवलं आन सगळं सांगितलं. म्हनली, माझं कुकू राखा. म्या शबूद दिला. ती मेली, तरी कुनाला बोलले न्हाई."

कुडाशी उभ्या रखमाजीला हे ऐकू जात होतं. त्यानं कुडाचा वासा धरला.

"मग मावशी," मी म्हणालो, "सगळं माहीत असून त्याला अंगणात पाय ठेवू दिला नाहीत?"

आता तिनं सूप खाली ठेवलं. "त्यानं त्याच्या भनीचं कुकू राखलं. माझ्या पोराचं काय राखलं त्यानं? कुनाच्या हुकमानं माझा भिवा मेला ते दडवून आला. आन दर सालाला हितं हुबा ऱ्हातो, का, तर दाजी यील आन सांगंल. दाजी न्हाई आला, आता तुमाला आनलंय. त्याला सोताला तोंड न्हाई का?"

मी रखमाजीकडं वळलो.

"इचारा त्याला," ती म्हणाली, "दांडा वढला तवा गाडी कुठं व्हती?"

हे मला येत होतं. मी घाईनं म्हणालो, "धुकं होतं, मावशी. त्याला काही दिसतच नव्हतं."

"तुमी नगा सांगू, शेठ. तुमी व्हता का तिथं?"

ती कुडाकडं बघत राहिली. तिनं त्याला हाक मारली नाही. मी रखमाजीकडं पाहून मान हलवत होतो, सांग, सांग की धुकं होतं. त्यानं माझ्याकडं पाहिलंच नाही. त्यानं पायातल्या वहाणा काढल्या, कुडाच्या आत आला, ओट्यापासून चार हातांवर उभा राहिला. झुकलेला खांदा आणखीच खाली गेला होता.

"धुकं सकाळी व्हतं, वैनी," तो म्हणाला. "गाडी आली तवा समदं उघडलं व्हतं. थांबली न्हवती ती. मला दिसत व्हती."